इंडक्शन शेगडी आणि ओव्हनसाठी वेगळी लाईन घ्यावी का?

प्रश्न (वर्धा जिल्हा)
आमच्या खेड्यातील घराची वायरिंग केवळ दिवे-पंख्यांच्या हिशेबाने झालेली आहे. २००० वॅटची इंडक्शन शेगडी आम्ही ६ अँपिअरच्या सॉकेटवर कन्व्हर्टर पिन (मोठी पिन लहान सॉकेटात बसवणारा जोड) लावून चालवतो. वरण शिजेपर्यंत ती पिन इतकी तापते की हात लावता येत नाही. आता १५०० वॅटचा ओव्हन आणला, तर त्याच्या पत्र्याला हात लागताच मुंग्या येतात. वायरमन अर्थिंगची पिन न्यूट्रलला जोडून देतो म्हणतात. तसे करावे का?

उत्तर १
ताई, तसे मुळीच करू देऊ नका. खांबावरून येणारी न्यूट्रल (परतीची) तार वाऱ्या-वादळात तुटली, तर चालू उपकरणांतून फिरलेला विजेचा पूर्ण दाब (व्होल्टेज) ओव्हनच्या पत्र्यावर येईल. तुमची शेगडी २३० व्होल्टला सुमारे ८.७ अँपिअर घेते, त्यामुळे ६ अँपिअरचे सॉकेट तापणारच. दोन्ही उपकरणांसाठी मेन बोर्डापासून स्वतंत्र लाईन, किमान अडीच चौरस एमएमची तांब्याची वायर, १६ अँपिअरचे सॉकेट व एमसीबी (भार जास्त झाला की लाईन आपोआप तोडणारा स्विच) घ्यावी. शिवाय ३० मिलिअँपिअरची आरसीसीबी (विजेची गळती होताच पुरवठा तोडणारा स्विच) बसवावी. मात्र तिच्यामुळे अर्थिंगची गरज संपत नाही.

उत्तर २ (यवतमाळ)
वरील उत्तराशी सहमत आहे, पण आपल्याकडे खरी अडचण काळ्या मातीची आहे. उन्हाळ्यात ती भेगाळून अर्थिंगच्या पाइपपासून सुटते, आणि पावसाळ्यात उत्तम असलेली अर्थिंग मे महिन्यात नावापुरतीच उरते. पाइप न्हाणीच्या सांडपाण्याजवळ, ओल टिकेल अशा जागी घ्यावा, भोवती कोळसा व मीठ भरावे आणि उन्हाळ्यात खड्ड्यात पाणी ओतत राहावे.

ओव्हनमध्ये नानकटाई कच्ची राहत असेल, तर आधी विजेचा दाब मोजून घ्या. १८० व्होल्टला १५०० वॅटचे कॉइल जेमतेम ९२० वॅट देते. दोष ओव्हनचा नसतो.

प्रश्नकर्ती
आभारी आहे. बिलावर मंजूर भार १ किलोवॅट दिसतो. तेवढ्यात भागेल का?

उत्तर १
नाही. दोन्ही उपकरणे मिळूनच साडेतीन किलोवॅट होतात. महावितरणकडे भारवाढीचा अर्ज करावा, आणि खांबापासून मीटरपर्यंतची सर्व्हिस वायर तेवढा भार पेलेल का, हेही त्याच वेळी तपासून घ्यावे. घरातील काम परवानाधारक तारतंत्र्याकडूनच करून घ्यावे. तोवर ओव्हन बंद ठेवा, आणि ती कन्व्हर्टर पिन आजच काढून टाका.