निळं वाळूगवत: एक हिरवं पडतंय, दुसरं वाफ्याबाहेर पळतंय. मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, शोभेच्या गवतांमध्ये ते निळसर राखाडी पानांचं उंच गवत असतं ना, मुळात समुद्रकाठच्या वाळूच्या टेकड्यांवर उगवणारं, त्याबद्दल विचारायचंय. माझ्या रोपाच्या लेबलवर लेमस अरेनॅरियस 'ब्लू ड्यून' असं आहे, जुन्या पुस्तकांत हेच एलिमस अरेनॅरियस म्हणून सापडतं. एका गड्ड्याचे दोन भाग करून लावलेत, एक रेताड मातीत कडक उन्हात आणि दुसरा भिंतीच्या आडोशाला, तिथे सावली बरीच आणि माती शेणखत घालून मस्त भुसभुशीत. आता उन्हातलं गवत छान निळं आणि ताठ उभं आहे, आणि ज्याचे एवढे लाड चाललेत ते हिरवट लांबुडकं होऊन आडवं लोळतंय.

दुसरी कटकट म्हणजे जे छान आहे तेच वाफ्याची हद्द सोडून शेजारच्या फुलझाडांमधून डोकं वर काढतंय, मूळ गड्ड्यापासून चांगलं हातभर लांब कोंब निघालेत. तर हिरव्याला परत निळं करायला काही खत वगैरे असतं का, आणि पळणाऱ्याला आवरायचं कसं? काढून टाकायचं नाहीये, रंग फार आवडतो.

प्रतिसाद, पानवेडी:
खताचा विचार आधी डोक्यातून काढा, खत आणि सावलीनेच तर ते बिघडलंय. हा निळा रंग म्हणजे पानावरचा मेणाचा पातळ थर असतो, पान बोटांनी जरा चोळून बघा, खाली साधं हिरवं दिसेल. वाऱ्यात, उन्हात, खाऱ्या फवाऱ्यात पाणी टिकवून धरायला ते गवत हा थर बनवतं. सावलीत आणि भरपूर खतपाण्यावर त्याला तेवढी गरजच नसते, पानं लुसलुशीत वाढतात आणि स्वतःच्या वजनानेच पडतात. हिरवी झालेली जुनी पानं आता निळी होणार नाहीत, ती कापा. थंडी संपता संपता, नवे कोंब दिसायच्या आधी, जमिनीपासून वीतभर ठेवून सगळं छाटायचं आणि गड्डा उन्हात हलवायचा, नवी पानं निळी येतील. हातमोजे मात्र घाला, पानांच्या कडा खरखरीत असतात, कापतात.
आणि हो, मावा वगैरे दिसला म्हणून निंबोळी तेल मारत असाल तर थांबा, तेलकट फवाऱ्याने मेणाचा थर जातो. पाण्याचा जोराचा फवारा पुरतो.

प्रतिसाद, मातीतले हात:
रंगाचं वरती आलंच आहे, मी पळण्याबद्दल लिहितो. हे गवत हरळीसारखं जमिनीखालच्या आडव्या खोडांनी पसरतं, फक्त ही खोडं जाड आणि दमदार असतात. वाऱ्याने अंगावर वाळूचा ढीग आला तरी त्यातून वर यायचं हेच त्याचं आयुष्य, म्हणून तर आइसलँडमध्ये उडती वाळू थोपवायला ते मुद्दाम लावतात, तिथे १९०७ पासून सरकारी पातळीवर हे काम चालू आहे. आणि तेच गवत अमेरिकेत मिशिगन सरोवराकाठच्या वाळूवर बाहेरून येऊन पसरलं तर तिथे उपटायची मोहीम! म्हणजे तुमच्या वाफ्याची वीट त्याला अडवेल ही अपेक्षा सोडा.
बाहेर आलेला कोंब नुसता ओढू नका, वरचं तुटतं आणि खाली पेर राहिलं की परत फुटतं. खुरप्याने माती सैल करून दोरी काढल्यासारखं अख्खं खोड मागे गड्ड्यापर्यंत काढायचं, तुकडे कंपोस्टमध्ये टाकायचे नाहीत, आणि त्या जागी रोटाव्हेटर तर अजिबात फिरवायचा नाही, एकाचे पन्नास होतील. मग गड्ड्याभोवती जाड प्लास्टिकची आड, दीड-दोन फूट खोल, वरची कड जमिनीच्या दोन बोटं वर, कारण ते वरून उडी मारूनही जातं.

प्रतिसाद, कुंडीवाला:
आड वगैरे ठीक आहे पण दरवर्षी तपासायला किती जण जातात? माझं मत सरळ आहे, मोठी रुंद कुंडी घ्या आणि ती फरशीवर ठेवा. मातीवर ठेवलीत तर तळाच्या भोकातून खोडं खाली उतरतात. अर्धी वाळू किंवा बारीक खडी घाला, पाणी साचू देऊ नका, आणि दोन-तीन वर्षांनी कुंडी गच्च भरली की गड्डा बाहेर काढून फोडा आणि अर्धा परत लावा. कुंडीत पाणी जमिनीपेक्षा जास्त वेळा लागेल एवढंच.

पानवेडी:
आणि आवरायचा कंटाळा असेल तर न पळणारी निळी गवतं आहेत की. निळं फेस्क्यू, म्हणजे फेस्टुका ग्लाउका, सुईसारखी बारीक पानं, जेमतेम फूटभर उंच झुपका. किंवा निळं ओट गवत, हेलिक्टोट्रायकॉन, दोन फुटांपर्यंत. दोन्ही जागच्या जागी राहतात, पण ओल्या मातीत मुळाशी कुजतात, निचरा हवाच. रुंद पानांचा तो दणदणीतपणा मात्र त्यांत नाही. इंग्लंडच्या नामवंत बागरचनाकार गर्ट्रूड जेकिल यांनी हे बेलगाम वाळूगवतच आपल्या फुलांच्या पट्ट्यांत वापरलं होतं, रंगासाठी लोक सोसतात!

धागाकर्ती:
खूप खूप आभार सगळ्यांचे. सावलीतलं छाटून कुंडीत घालते, उन्हातल्याला आड करते. एक शेवटचं, उन्हाळ्यात गव्हासारख्या ओंब्या येतात त्या ठेवायच्या की काढायच्या?

मातीतले हात:
काढल्या तरी चालतात, आधी निळसर आणि मग वाळल्या गवतासारख्या पिवळ्या होतात, तशा दिसायला काही खास नाहीत. दांडे तीन-चार फुटांच्या वर जातात आणि वाऱ्यात वाकतात, म्हणून मी तरी बुडातूनच कापतो. आड घालताना आधी फुलझाडांतले कोंब काढून घ्या, नाहीतर ते आडेच्या बाहेरच राहतील.