मल्टीत कुणी ओलीस धरलं तर? जाणकारांनी लिहावं

इंदूरच्या मल्टीत, म्हणजे फ्लॅटच्या बहुमजली इमारतीत, कुणी दार लावून घरच्यांना वेठीला धरलं, तर बोलणी कशी चालतात, इमारतीने काय करायचं? कहाण्या नकोत, कामाचं लिहा.

रामबागकर
आधी ११२. मग दारावर समजूत घालायला कुणी जाऊ नये, सासरा-मेहुणा तर नाहीच. कित्येकदा भांडणाचं मूळ तेच असतात. पोलिसांकडून फोनवर बोलणारा एकच. शेजारचा दुसरा नुसता ऐकतो, चिठ्ठ्या सरकवतो. हुकूम देणारे साहेब फोनवर येत नाहीत, नाहीतर ‘वर विचारून सांगतो’ म्हणायची सोय संपते. आतल्याने पाचची मुदत दिली तर पाचला दुसराच विषय चालू ठेवायचा, घड्याळाचं नाव काढायचं नाही. जेवण द्यायचं ते काहीतरी घेऊनच: एखादं मूल बाहेर, निदान आजींची औषधं आत. दारू, हत्यार, ओलिसांची अदलाबदल नाही. कंटाळवाणं काम आहे, आणि कंटाळवाणंच राहावं. १९७३ मध्ये स्टॉकहोमच्या बँकेत ओलीस सुटायला सहा दिवस लागले होते.

सुदामानगरवाली
काका, फ्लॅटचं राहिलं. बरोबर वरचा किंवा खालचा फ्लॅट पोलिसांना उघडून द्या. नकाशा बहुधा तोच असतो. दार कुठे उघडतं, जाळीच्या दाराची कडी कोणत्या बाजूला, डक्टची खिडकी केवढी, हे तिथेच दिसतं. लिफ्ट तळमजल्यावर आणून बंद करा, तिच्या आवाजानेही आतला बिथरतो. सिलिंडरचा गॅस जमिनीलगत साचतो, पाइपचा छताकडे चढतो. वास आला तर बेल, बटण, काहीच दाबू नका, पोलिसांना लगेच सांगा.

गच्चीवरचा
लाइट तोडून टाका म्हणणारा एक तरी निघतोच! तोडायची की नाही ते पोलीस ठरवतील. आतला मोबाइल चार्ज झाला नाही तर बोलणार कुणाशी?

लोकमान्यनगर
मल्टीचा व्हॉट्सॲप ग्रुप आधी बंद करा. आतला माणूस त्याच ग्रुपमध्ये असू शकतो, आणि ‘पोलीस गच्चीवर पोचले’ हा मेसेज तोही वाचतो. ५ सप्टेंबर १९७२ ला म्युनिकच्या ऑलिंपिक गावात हेच झालं: खेळाडूंच्या इमारतीच्या छतावर चढलेले पोलीस टीव्हीवर थेट दिसत होते, आणि टीव्ही आत ओलीस धरणाऱ्यांकडेही चालू होता. कारवाई गुंडाळावी लागली.

सुटून आलेल्यांना मिठी मारायला धावू नका. पोलीस त्यांनाही हात वर करायला लावतात, झडती घेतात. ओलिसांच्या घोळक्यातून ओलीस धरणाराच निसटू शकतो.