एकहाती ‘डेरिक’
‘डेरिक’ या जर्मन टीव्ही गुन्हे-मालिकेचे सगळे भाग एकाच माणसाने लिहिले असतील का, अशी शंका घेतली जाते. पण ते खरंच आहे. १९७४ ते १९९८, एकूण २८१ भाग, सगळे लेखक हर्बर्ट रायनेकरचे. त्याआधी सुरू झालेल्या ‘डेर कोमिसार’ या पोलीस-मालिकेचे ९७ भाग लिहिले, तेही एकट्यानेच! सुरुवातीच्या ‘डेरिक’मध्ये खुनी कोण ते आधीच कळायचं, मजा असायची ती पोलीस इन्स्पेक्टर डेरिक त्याला शांतपणे कसा घेरतो यात. नंतर मात्र उपदेशाचे डोस वाढले, हे माझं मत.

एक गोष्ट मात्र सांगायची राहूनच गेली. हाच रायनेकर १९४४च्या ‘युंगे आडलर’ या नाझी प्रचारपटाचा सहलेखक. दहा वर्षांनी हिटलरविरोधी गटाशी संबंध असलेल्या कानारिस या जर्मन लष्करी गुप्तहेर खात्याच्या प्रमुखावरचा चित्रपटही त्यानेच लिहिला, आणि दोन्ही चित्रपटांचा दिग्दर्शकही एकच, वाइडनमान.