वासा बुडालं ते तोफांमुळे नाही

तांडेल: वासा म्हणजे स्वीडनची युद्धनौका, पहिल्याच सफरीत बुडालेली. "राजाने हट्टाने तोफा वाढवल्या म्हणून वासा उलटलं" असं कालच्या लेखात पुन्हा वाचलं. किती वर्षं हेच उगाळायचं? 1200 टनांचं जहाज, 64 तोफांचं वजन 60 टनांहून थोडं जास्त. जेमतेम 5 टक्के! वजन आहे तोफमजल्यांच्या लाकडात. तुळया नको इतक्या जाड, मजले उंच, आणि पाण्याखालचं अंग अरुंद. गुरुत्वमध्य वर गेला तो त्यामुळे.

गलबतवाला: आणि ते जाड लाकूड कशासाठी? 24 पौंडी गोळे फेकणाऱ्या तोफा पेलायलाच ना? शिवाय नीरम, म्हणजे जहाज स्थिर ठेवायला तळात भरलेलं वजन, कमी. तळात फक्त 120 टन दगड.

तांडेल: आणखी दगड घातले असते तर तोफांचे खालचे झरोके पाण्याला आणखी टेकले असते. 10 ऑगस्ट 1628 ला पाणी तिथूनच शिरलं. वाऱ्याच्या पहिल्या झोतात जहाज सावरलं, दुसऱ्यात डावीकडे कललं ते कललंच. झरोके सलामीसाठी उघडे. 1300 मीटरांत सगळं संपलं.

मोजपट्टी: सुतारांच्या पट्ट्यांचं कुणी बोलतच नाही! जहाजात चार सापडल्या. दोन स्वीडिश फुटाच्या, 12 इंची. दोन अ‍ॅमस्टरडॅमच्या, 11 इंची. डाव्या अंगाला लाकूड जास्त भरलंय. उलटलं कुठे? डावीकडे.

गलबतवाला: पुन्हा पट्ट्या! एका अंगाचा कल दगड सरकवून काढता येतो. कललेलं जहाज परत उभं राहणं ही वेगळी गोष्ट, तिथे पट्टीचा संबंध नाही.

मोजपट्टी: कल काढता येतो, कबूल. पण एका सांगाड्यावर दोन मापं चालली, कारण वर लक्ष ठेवणारा उरला नव्हता. मुख्य कारागीर हेन्रिक हायबर्टसन आजारी पडला, 1627 मध्ये वारला.

गलबतवाला: त्याच्या जागी हाइन याकोबसन होता की. बेवारस नव्हतं काम!

तांडेल: पट्ट्या बाजूला ठेवा, निघण्याआधीची चाचणी बघा. 30 माणसं या काठापासून त्या काठापर्यंत धावली. तीन फेऱ्यांत जहाज इतकं डोललं की अ‍ॅडमिरल फ्लेमिंगनेच थांबवायला लावलं. तरीही पाठवलं! सुमारे 30 जीव गेले आणि चौकशीत शिक्षा कुणालाच नाही. चीड येते ती याची.

गलबतवाला: ती मलाही येते. आणि जोडीचं एप्लेट जहाज, 1629 चं, दोन तोफमजल्यांचंच, थोडं रुंद बांधलं तर 30 वर्षं टिकलं. तेव्हा तोफांचा मुद्दा सोडतो. पण राजाची घाई सोडणार नाही. फ्लेमिंगवर दबाव त्याच्याच पत्रांचा होता.