भीती मरणाची, की मरण्याच्या तऱ्हेची?

मेल्यानंतर काय होतं हे कळल्याशिवाय भीती जाणार नाही, असं बरेच जण म्हणतात. मला नाही पटत. आमच्या खानापूर भागातल्या जुन्या माणसांना पुढचं कुठं काय ठाऊक होतं? तरी तयारी असायची. आजीच्या ट्रंकेत तळाशी, डांबरगोळ्यांच्या वासाचं एक कोरं लुगडं आणि झाळलेला गंगेचा गडू. नातवंडांनी विचारलं की न बिचकता सांगायची, "हे माझ्या जाण्याचं."

आज बेळगावात वयस्कांशी बोलताना जाणवतं, की धास्ती अज्ञाताची कमी. आयसीयूतल्या नळ्यांची आणि पोरांवर होणाऱ्या कर्जाची जास्त. आणि यावर करण्यासारखं पुष्कळ आहे! सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये वैद्यकीय इच्छापत्राला (पुढं आपल्याला सांगता आलं नाही, तर कुठले जीव लांबवणारे उपचार नकोत हे आधीच लिहून ठेवलेला कागद) मान्यता दिली, २०२३ मध्ये प्रक्रिया सोपी केली: दोन साक्षीदार, आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्यासमोर सही. कर्नाटक सरकारनेही जानेवारी २०२५ मध्ये अंमलबजावणीचा आदेश काढलाय. हे बोलणं धडधाकट असतानाच व्हावं, दवाखान्याच्या दारात नको.

कुणी असा कागद केला असेल, तर घरात विषय कसा काढलात ते जरूर लिहा.