इंदूरला राहून सिरियलला म्युझिक देता येतं का?

मालवा_सूर
भाचा लोकमान्य नगरला राहतो, हार्मोनियम घरीच शिकला, आता लॅपटॉपवर क्यूबेस (म्युझिकचं सॉफ्टवेअर) टाकून रात्रभर काहीतरी वाजवत बसतो आणि म्हणतो मला सिरियल-सिनेमाला म्युझिक द्यायचंय. बहीण म्हणते आधी बीकॉम कर. काम मिळतं कसं, पैसे मिळतात का, मुंबईला जावंच लागतं का? आणि प्लीज 'लताबाईंचा जन्म इंदूरचाच' हे नका सांगू, ते घरी रोज ऐकतोय.

परत_आलेला_प्रोग्रामर
मी अंधेरीत एका संगीतकाराकडे होतो, आता राजेंद्र नगरला. लोकांना वाटतं म्युझिक म्हणजे टायटल साँग, पण ते एकदाच होतं, रोजचं काम बॅकग्राउंडचं. डेली सोपचा एपिसोड कधीकधी टेलिकास्टच्या तोंडावर हातात येतो, नवीन रचायला वेळ कुठे, म्हणून आधीच बँक करून ठेवतात, हिरॉइनची थीम, तीच बासरीवर, तीच पियानोवर रडकी, सासूची एंट्री, टेन्शन, कॉमेडी, मग तुकडे सीनवर बसवायचे. डायलॉग चालू असताना नुसता आवाज कमी करून भागत नाही, वाद्यंच काढावी लागतात, हे हाताने केल्याशिवाय कळत नाही. त्याला सांगा, एखादा सीन म्यूट कर आणि स्वतःचं म्युझिक टाक. असे चार-पाच चांगले सीन दाखवता आले तर बायोडेटा कोणी विचारत नाही. फायली इंदूरहून जातात हो, पण ओळखी जात नाहीत, सुरुवातीला जावं लागेल.

सराफ्याचा_भुट्टा
अशोक पत्कींनी किती जिंगल्स केल्या आणि मग 'आभाळमाया'चं टायटल घराघरात गेलं. वनराज भाटियापण आधी जाहिरातीच करायचे, 1974 ला 'अंकुर', पुढे 'तमस'ला नॅशनल अवॉर्ड, आणि 'तमस' तर आपण दूरदर्शनवर बघितलेला. 30 सेकंदात चाल डोक्यात बसवायची, यापेक्षा चांगला रियाज नाही. इंदूरमधे नमकीनवाले, साडीवाले काय कमी आहेत?

काळा_कोट
कागदाचं कोणीच बोललं नाही. नव्या मुलाला लमसम रक्कम देऊन 'सगळे हक्क कायमचे' लिहून घेतात. पण 2012 च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर थिएटरमधला शो सोडून टीव्ही, रेडिओ, ऑनलाइन कुठेही वाजलं तर रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा सोडून देता येतच नाही, फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला, म्हणजे रॉयल्टी गोळा करून वाटणाऱ्या संस्थेला, देता येतो. म्युझिकसाठी ती आयपीआरएस, 1969 पासूनची. मेंबर होऊन प्रत्येक कामाची नोंद केली नाही तर कायदा असून उपयोग शून्य.

मालवा_सूर
भिया लोकांनो थँक्यू. नमकीनवाली आयडिया बहिणीला लगेच पटली, शेव फुकट येईल म्हणते. पण असिस्टंट असताना केलेली चाल कोणाच्या नावावर जाते?

परत_आलेला_प्रोग्रामर
बहुतेक वेळा साहेबांच्या. क्रेडिटचं आधी लेखी घ्यायला सांगा, आणि प्रोजेक्ट फाइल तारखेसकट स्वतःजवळ ठेवायला सांगा.