मदत हवी: सरकार नियमच करत नसेल तर कोर्ट करायला लावू शकतं का?

नमस्कार मंडळी, प्रश्न माझ्या ताईचा आहे. ती राज्य सरकारच्या एका ऑफिसात (फोर्टकडे, नाव नको) चौदा वर्षं एकाच पदावर आहे. वरचं पद मंजूर आहे, रिकामं आहे, ज्येष्ठता यादीत ताई दुसरी, पण त्या पदाचे सेवाप्रवेश नियमच (पदावर कोणाला, कसं घ्यायचं ते) झालेले नाहीत म्हणून पदोन्नती नाही. मसुदा केव्हाच तयार झालाय, तो साप्रविकडे (सामान्य प्रशासन विभाग) जातो, मग वित्त, मग विधी व न्याय, मग कोणीतरी एक त्रुटी काढतं की फाइल परत खाली. माहिती अधिकारात विचारलं तर उत्तर ठरलेलं, प्रस्ताव विचाराधीन.

शनिवारी वकिलांकडे गेलो. आम्हाला आपलं वाटत होतं की हायकोर्टात रिट टाकायची, कोर्ट म्हणेल तीन महिन्यांत नियम करा, झालं. ते हसलेच. म्हणाले राज्यघटनेच्या ३०९ कलमाखाली नियम करणं हे कायदा करण्यासारखंच काम, राज्यपालांना तो अधिकार आहे पण करायलाच हवेत असं त्यात नाही, आणि कोर्ट तसा हुकूम देत नाही. १९९० चा मल्लिकार्जुन राव विरुद्ध आंध्र प्रदेश हा सुप्रीम कोर्टाचा निकालच काढून दिला. परतताना विरार लोकलमध्ये उभ्याउभ्या वाचला, खरंच तसंच आहे, असा हुकूम हायकोर्टही देऊ शकत नाही आणि ट्रिब्युनलही (सरकारी नोकरीच्या वादांचं न्यायाधिकरण) नाही.

मग १९९७ च्या विशाखा निकालात (कामाच्या जागी बायकांचा लैंगिक छळ) सुप्रीम कोर्टाने नियम कसे घालून दिले? आमच्या फाइलनेच काय घोडं मारलंय? कोणी यातून गेलं असेल तर प्लीज सांगा, वकिलांची फी आधीच बरीच झालीय.

प्रतिसाद १
विशाखात कोर्टाने संसदेला कायदा करा असं सांगितलंच नव्हतं हो. बायकांच्या मूलभूत हक्कांचा प्रश्न होता, कायदाच नव्हता, म्हणून कायदा होईपर्यंत स्वतःच मार्गदर्शक तत्त्वं घालून दिली. कायदा यायला २०१३ उजाडलं. तुमच्या पदासाठी कोर्ट असं काही करत बसणार नाही.
आणि थेट हायकोर्टात जाऊ नका, राज्य कर्मचाऱ्यांना आधी मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण), मग हायकोर्ट.

प्रतिसाद २
कोर्ट फार तर "विचार करा" म्हणतं. वकिलांच्या कायद्यातलं कलम ३० (देशभर कुठल्याही कोर्टात वकिली करायचा हक्क) घ्या, कायदा १९६१ चा, ते कलम लागू करायचं की नाही याचा सहा महिन्यांत विचार करा असं सुप्रीम कोर्टाने केंद्राला १९८८ मध्ये सांगितलं. लागू झालं २०११ ला. खुद्द वकिलांची ही गत!
पण मुळात तुम्ही मागताय तेच चुकतंय. नियम करा असं मागूच नका. नियम नसतील तिथे सरकार प्रशासकीय आदेशाने पदोन्नती देऊ शकतं, सुप्रीम कोर्टाचा १९६७ चा संतराम शर्मा निकाल बघा. म्हणजे नियम नाहीत ही सबब पुरत नाही. मागणी अशी ठेवा की ताईंच्या पदोन्नतीचा विचार करा आणि निवेदनावर कारणांसकट निर्णय द्या. निवेदन दिलंय ना? आवक शिक्क्याची प्रत आहे का? सहा महिने उत्तर आलं नाही तर तिथून पुढे मॅटमध्ये जायला एक वर्ष मुदत असते.

धागाकर्ती
धन्यवाद दोघांनाही, हे वकिलांनी सांगितलंच नाही. ताईने चार निवेदनं दिलीत पण तीन क्लार्कच्या हातात नुसती ठेवून आली, शिक्का फक्त पहिल्यावर आहे, तो २०१९ चा. आता नवीन दिलं तर चालेल का?

प्रतिसाद २
द्याच, पण त्याने जुनी मुदत परत सुरू होत नाही, समोरचा वकील पहिल्या तारखेला हेच काढणार. विलंब माफीचा अर्ज सोबत जोडायला सांगा आणि यावेळी शिक्का घेतल्याशिवाय टेबलावरून हलू नका.